टाकून दिलेल्या टेकची किंमत

नव्या चित्रपटासोबत हल्ली 'मेकिंग' म्हणून जी चित्रफीत येते, तिच्यात मेकिंग सोडून सगळे असते. नायक दिग्दर्शकाची स्तुती करतो, दिग्दर्शक नायकाच्या मेहनतीची, आणि मधेच एक क्रेन वर जाताना दिसते. ती वर का गेली, कॅमेरा जमिनीवर ठेवला असता तर प्रसंगाचे काय बिघडले असते, हे कुणी सांगत नाही. टेलिव्हिजनने हे काम एकेकाळी मनापासून केले होते, याचाच विसर पडला आहे.

ते केले केव्हिन ब्राउनलो आणि डेव्हिड गिल यांनी. थेम्स टेलिव्हिजनसाठी केलेल्या १९८० च्या 'हॉलिवुड' या १३ भागांच्या मालिकेने मूकपट म्हणजे तुरुतुरु पळणारी माणसे हा समज मोडला. योग्य वेग, चांगल्या प्रती, कार्ल डेव्हिस यांचे संगीत आणि स्टंटमन व कॅमेरामन यांना स्वतंत्र भाग!

पण त्यांचे सर्वोत्तम काम १९८३ चे 'अननोन चॅप्लिन'. चॅप्लिनचे वापरात न आलेले टेक त्यांनी पाट्यांवरच्या क्रमांकांनुसार लावले आणि एका माणसाचे विचार करणे पडद्यावर आले. 'द इमिग्रंट' (१९१७) सुरू झाला तो उपाहारगृहातल्या विनोदापासून. वेटर आधी हेन्री बर्गमन होता. धाक जमेना, म्हणून धिप्पाड एरिक कॅम्बेल आला. मग तिथे बसलेल्या नायक-नायिकेची ओळख कुठली, हा प्रश्न पडला आणि जहाजाचा प्रसंग नंतर सुचला. 'सिटी लाइट्स'मध्ये आंधळ्या फुलवालीला हा भणंग श्रीमंत वाटावा कसा, यावर चॅप्लिन किती अडला! उत्तर निघाले ते मोटारीचे दार बंद होण्याच्या आवाजात, तेही मूकपटात.

त्यानंतरची मार्क कझिन्सची 'द स्टोरी ऑफ फिल्म' (२०११) ही मालिका १५ भागांत जग फिरते, पण मुक्काम कुठेच करत नाही. जेम्स लिप्टन यांनी टीव्हीवर घेतलेल्या मुलाखती नटांविषयी सांगतात, शॉटविषयी नाही.

आपल्याकडे तर सुरुवातच कारागिरी दाखवण्याने झाली होती. दादासाहेब फाळक्यांनी १९१७ च्या सुमारास चित्रपट कसा तयार होतो यावरच चित्रपट काढला. त्यात ते स्वतः काम करताना दिसतात. पुण्यात १९६४ पासून राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय आहे, शेजारी प्रभातच्या आवारात फिल्म इन्स्टिट्यूट आहे. तरीही एनजी ('नो गुड'), म्हणजे टाकून दिलेला टेक हा कचराच मानला जातो. तो कचरा नाही. तयार चित्रपट फक्त निर्णय दाखवतो; नाकारलेले पर्याय याच टेकमध्ये असतात, आणि ते गेले की कारागिरीचा पुरावा गेला.

प्रेक्षकांना हे रुक्ष वाटेल, असे वाहिन्यांनी सांगू नये. 'अननोन चॅप्लिन' घरोघरच्या टीव्हीसाठीच केले होते. प्रत्येक निर्मात्याने किमान एका प्रसंगाचे सगळे टेक, पाट्यांसकट, संग्रहालयाकडे द्यावेत. वाहिनीने आठवड्याला अर्धा तास काढावा, आणि त्यात नायकाला नव्हे, संकलकाला बसवावे: सातवा टेक का टाकला आणि चौथा का ठेवला, हे दोन्ही टेक समोर लावून सांगायला.