रामा शेट्टी ते जोतीराव

चरित्र अभिनेत्याची कारकीर्द मोजण्याची आपली रीत ठरलेली आहे : चित्रपट किती आणि पुरस्कार किती. सदाशिव अमरापूरकर (१९५०–२०१४) यांची नोंदही तशीच होते. ‘अर्धसत्य’ (१९८३) आणि ‘सडक’ (१९९१) या दोन्हींसाठी फिल्मफेअर पुरस्कार, आणि कायमचा शिक्का ‘खलनायक’. या शिक्क्याखाली काय झाकले गेले, ते पाहायला हवे.

अमरापूरकर घडले अहमदनगरच्या हौशी रंगभूमीवर. जळगाव-धुळ्याच्या नाट्यरसिकांना ही वाट परकी नाही : पोटापाण्याचे सांभाळून रात्रीच्या तालमी, राज्य नाट्य स्पर्धा, आणि पुढे मुंबई गाठायची की इथेच राहायचे हा प्रश्न. हौशी संस्थेत माणसे मोजकी असतात. आज राजा झालेला नट उद्या शिपाई होतो. भूमिकेची लांबी तो मोजत बसत नाही.

‘२२ जून १८९७’ (१९७९) या चित्रपटात त्यांनी टिळक साकारले. ‘हँड्स अप’ या नाटकामुळे ते गोविंद निहलानींच्या नजरेत आले आणि तेंडुलकरांची पटकथा असलेल्या ‘अर्धसत्य’मध्ये रामा शेट्टी झाले. रामा शेट्टी पडद्यावर थोडाच वेळ दिसतो. तरी इन्स्पेक्टर वेलणकरचा सारा संताप त्याच्यावर आपटून माघारी येतो. कारण तो ओरडत नाही. ज्याच्या डोक्यावर सत्तेचा हात आहे, त्याला आवाज चढवावा लागत नाही, हे या नटाने नेमके ओळखले होते.

पुढे दूरदर्शनवर श्याम बेनेगलांच्या ‘भारत एक खोज’मध्ये (१९८८ पासून) हाच नट जोतीराव फुले म्हणून घरोघरी पोचला. टिळक आणि फुले या दोन्ही भूमिका ज्याच्या वाट्याला आल्या, असे नट विरळाच. त्यांच्या मधोमध रामा शेट्टी उभा आहे, ही गोष्ट अधिक बोलकी.

‘सडक’मधली महाराणी धाडसाची भूमिका होती. पण हिंदी सिनेमाने त्यातला भडकपणा तेवढा उचलला आणि तोच पुन्हा पुन्हा मागितला. अमरापूरकरांनी तो दिलाही. दोष एकट्या निर्मात्यांच्या पदरात घालता येणार नाही. मात्र त्या गोंगाटात संयत अमरापूरकर हरवले, हा तोटा प्रेक्षकांचाही होता.

‘बॉम्बे टॉकीज’मधील (२०१३) दिबाकर बॅनर्जींच्या कथेत, जी सत्यजित राय यांच्या कथेवर बेतलेली आहे, एका अपयशी नटाला अगदी किरकोळ काम मिळते. तेव्हा त्याचे दिवंगत गुरू त्याच्यापुढे येऊन उभे राहतात. ते गुरू अमरापूरकरच आहेत. छोट्या भूमिकेची प्रतिष्ठा सांगण्याचा अधिकार त्यांनी कमावला होता.

या नटाचे मूल्यमापन करायचे असेल, तर ‘अर्धसत्य’ आणि ‘भारत एक खोज’मधील फुल्यांचा भाग लागोपाठ पाहावा. मग ‘खलनायक’ हा शब्द किती अपुरा आहे, ते आपोआप कळेल.