गिरकी आणि स्फोट

डारा बर्नबाम या अमेरिकन स्त्री-कलावंताची ‘टेक्नॉलॉजी/ट्रान्सफॉर्मेशन : वंडर वुमन’ (१९७८-७९) ही व्हिडिओफीत सहा मिनिटांचीही नाही. टेलिव्हिजन मालिकेतली तयार दृश्ये तिने उचलली, तोडली, पुन्हा पुन्हा जोडली. नोकरदार बाई गिरकी घेते, स्फोट होतो, वीरांगना उभी राहते. पुन्हा गिरकी, पुन्हा स्फोट.

मालिकेत हा क्षण डोळ्यांसमोरून निसटतो. इथे तो अडकून पडतो आणि उघडा पडतो. या परिवर्तनाला ना शिक्षण लागते, ना संघटना, ना संघर्ष! घरातला पहिला पदवीधर म्हणून माणूस बदलायला किती वर्षे लागतात हे मी जाणतो. इथे बदलते काय, तर कपडे. तेही कमी होतात. शेवटी निळ्या पडद्यावर डिस्को गाण्याचे शब्द सरकतात, तेव्हा स्त्रीशक्तीच्या नावाने प्रस्थापित माध्यमे काय विकत होती, ते लपत नाही.

माझी तक्रार एकच. मूळ दृश्यांत जी नव्हतीच, त्या काळ्या, राबणाऱ्या स्त्रीपर्यंत ही कात्री पोचत नाही. तरी १९७९ साली बर्नबामने ही फीत न्यूयॉर्कमधल्या एका केशकर्तनालयाच्या काचेत लावली, हे मला मोलाचे वाटते. (आपले कलावंत अजून दालनाच्या पायऱ्या उतरत नाहीत.) रस्त्याने जाणाऱ्यांना ती तिकिटाशिवाय पाहता आली.