सापांचा तक्ता : ओळख शिकवायची की वागणूक?

शाळेच्या भिंतीवरचा सापांचा तक्ता आपल्या परिचयाचा आहे. एका बाजूला विषारी, दुसऱ्या बाजूला बिनविषारी साप आणि खाली ओळखण्याच्या खुणा. चित्रे बहुधा चांगली असतात. आक्षेप आहे तो खुणांवर.

'विषारी सापाचे डोके त्रिकोणी असते' हीच खूण घ्या. घोणस व फुरसे यांना ती लागू पडते, नाग व मण्यार यांना नाही. म्हणजे चार प्रमुख विषारी सापांपैकी दोन या नियमातून निसटतात. उलट बिनविषारी पाणदिवड, म्हणजे वऱ्हाडातला धोंड्या, चिडला की डोके चपटे करतो. 'दातांच्या दोन खुणा' ही कसोटीही फसवी आहे. मण्यारीच्या दंशाची खूण पुष्कळदा दिसतच नाही.

पाणसाप तक्त्यात बिनविषारी गटात असतात, ते बरोबरच आहे. पण मुले त्यावरून 'पाण्यातला साप बिनविषारी' असा नियम काढतात. मोर्णा किंवा काटेपूर्णेच्या काठी वावरणाऱ्या मुलांना हा नियम महागात पडू शकतो. पोहता नागालाही येते. बेडूक व उंदरांमागे तो काठावर येतो. घोणस बांधावरच्या गवतात निपचित पडून असते. रात्री हरभऱ्याला पाणी देणाऱ्याचा पाय नेमका तिथेच पडतो.

2020 साली प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासानुसार 2000 ते 2019 या काळात भारतात सर्पदंशाने वर्षाला सरासरी 58,000 माणसे दगावली. त्यांतील निम्मे मृत्यू जून ते सप्टेंबर या महिन्यांतले होते.

तेव्हा तक्त्यावर खुणांऐवजी वागणूक हवी. अंधारात विजेरी व पायात बूट असावेत. गवतात हात घालण्याआधी काठीने चाचपावे. साप दिसल्यास दूर व्हावे. पकडू किंवा मारू नये. दंश झाल्यास रोग्याला धीर द्यावा, चालू देऊ नये आणि दंशाचा अवयव हलू देऊ नये. आवळून बांधणे, चिरा देणे, विष चोखणे टाळावे आणि तडक रुग्णालय गाठावे. साप शोधण्यात वेळ घालवू नये, कारण आपल्याकडचे प्रतिविष या चारही सापांच्या विषावर चालते.

वर्गात एक प्रयोग करा. तक्त्यावरची नावे कागदाने झाका आणि विचारा, "यांतल्या कोणत्या सापाला हात लावाल?" 'एकालाही नाही' हे उत्तर आले, तर तक्त्याचे काम झाले.