पाइपिंग आयसोमेट्रिक रेखाटनातील चिन्हसंकेत : एक चिकित्सा

प्रास्ताविक :
तेलशुद्धीकरण प्रकल्पात वा रासायनिक कारखान्यात पाइपजोडणी करणाऱ्या फिटर आणि वेल्डर यांचा मुख्य आधार म्हणजे आयसोमेट्रिक रेखाटन. या प्रक्षेपणपद्धतीची शास्त्रीय मांडणी केंब्रिज येथील विल्यम फॅरिश यांनी १८२२ मध्ये केली. आज त्रिमितीय प्रतिमानातील माहितीवरून आयसोजेनसारखी संगणकप्रणाली हे रेखाटन आपोआप तयार करते. त्यात कोणत्या घटकाची कोणती आकृती उमटावी, हे 'एस-की' नावाचा चिन्हसंकेत ठरवतो. या संकेताचे सामर्थ्य आणि त्याची मर्यादा तपासणे हा प्रस्तुत लेखाचा उद्देश आहे.

संकेताची रचना :
हा संकेत बहुधा चार अक्षरांचा असतो. पहिली दोन अक्षरे घटकाचा प्रकार सांगतात, तर उरलेली दोन टोकांची जोडणी. 'व्हीटीएफएल' म्हणजे फ्लँज असलेला गेट व्हॉल्व्ह. 'व्हीजीएफएल' म्हणजे तसाच ग्लोब व्हॉल्व्ह. 'एफएल'च्या जागी 'बीडब्ल्यू' आल्यास टोके बट-वेल्डची ठरतात. वेल्डच्या बाबतीत तर एकच अक्षर निर्णायक असते : 'डब्ल्यूडब्ल्यू' हा सांधा कार्यशाळेत करावयाचा, 'डब्ल्यूएस' हा प्रत्यक्ष स्थळावर.

चिकित्सा :
चिन्ह आणि आशय यांचा संबंध नैसर्गिक नसून संकेताने ठरलेला असतो, हा सोस्यूर यांचा भाषाविषयक सिद्धान्त येथे तंतोतंत लागू पडतो. आयसोमेट्रिक रेखाटन प्रमाणबद्ध नसते. अंतरे अंकांनी कळतात आणि घटक चिन्हाने. म्हणजे व्हॉल्व्हची आकृती प्रतिमानातील त्याच्या आकारावरून नव्हे, तर संकेतावरून उमटते.

खरा प्रश्न येथेच उद्भवतो. त्याच कागदावरील साहित्यसूचीतील वर्णन चिन्हसंकेतावरून येत नाही. ते घटकाच्या स्वतंत्र साहित्य-क्रमांकाशी निगडित असते. परिणामी, सूचीत ग्लोब व्हॉल्व्ह आणि आकृतीत गेट व्हॉल्व्ह अशी विसंगती संभवते. गेट व्हॉल्व्ह प्रवाह पूर्ण सुरू वा पूर्ण बंद करण्यासाठी असतो, तर ग्लोब व्हॉल्व्ह प्रवाहाच्या नियमनासाठी. दोहोंची अदलाबदल झाल्यास दाबातील घट आणि नियंत्रण यांचे सारे गणित बिघडते. संकेत चुकीचा असला तरी रेखाटन मात्र नीटनेटकेच दिसते. हाताने काढलेल्या रेखाटनातील खाडाखोड निदान शंका तरी निर्माण करी. यंत्राच्या सुबक रेषेत ती सोय उरत नाही.

निष्कर्ष :
दोष संकेताच्या संक्षिप्ततेत नाही. भिन्न भाषांच्या कामगारांना एकच आकृती समजते, ते या संक्षिप्ततेमुळेच. दोष आहे तो आकृती आणि वर्णन यांचे उगम वेगळे ठेवून त्यांचा मेळ गृहीत धरण्यात. म्हणून घटकसूचीतील प्रत्येक नोंदीत चिन्हसंकेत आणि वर्णन यांची एकत्र पडताळणी होणे आवश्यक आहे. अभियांत्रिकी महाविद्यालयांतील रेखाटनाच्या अध्यापनातही चिन्हे ओळखण्याबरोबरच त्यांमागील संकेत तपासण्याचा सराव अंतर्भूत व्हावा. आकृती वाचता येणे ही साक्षरता खरी. परंतु ती कोठून आली हे विचारता येणे, ही तिची पूर्तता होय.