स्विच-जोडणीतील लिंक ॲग्रिगेशन पद्धती : एक चिकित्सक अभ्यास

प्रस्तावना :
संगणक-जालाच्या अध्यापनात 'लिंक ॲग्रिगेशन' ही संकल्पना बहुधा एकाच वाक्यात उरकली जाते : दोन स्विचमध्ये एकाऐवजी चार केबल्स जोडल्या की वेग चौपट होतो. हे विधान अर्धसत्य आहे. त्यावर विसंबून महाविद्यालयात साहित्याची खरेदी होते, तेव्हा या अर्धसत्याची किंमत पैशांत मोजावी लागते. प्रस्तुत लेखात या पद्धतींचे स्वरूप व मर्यादा तपासण्याचा प्रयत्न केला आहे.

पार्श्वभूमी :
दोन स्विच अनेक केबल्सनी जोडल्यास जालात लूप तयार होऊन फ्रेम्स अखंड फिरत राहतात. राडिया पर्लमन यांनी १९८५ मध्ये मांडलेली स्पॅनिंग ट्री पद्धत जादा वाटा बंद ठेवून हा धोका टाळते. परंतु त्यामुळे चारपैकी तीन केबल्स निष्क्रिय राहतात. या सर्व केबल्सना मिळून एकच जोडणी मानावयाचे, हा लिंक ॲग्रिगेशनचा गाभा होय. १९९० च्या दशकाच्या प्रारंभी 'कल्पना' या अमेरिकन कंपनीने इथरचॅनेल विकसित केले. १९९४ मध्ये सिस्कोने ही कंपनी विकत घेतली. पुढे २००० मध्ये आयईईईचे ८०२.३एडी हे सर्व उत्पादकांसाठी समान मानक आले व २००८ मध्ये ते ८०२.१एएक्स या नावाने स्वतंत्र झाले.

वेगाच्या बेरजेचा प्रश्न :
एकाच संवादातील फ्रेम्सचा क्रम बिघडू नये, म्हणून स्विच त्या सर्व फ्रेम्स एकाच केबलवरून पाठवितो. कोणती केबल निवडावयाची हे पत्त्यांवरून काढलेल्या हॅशवर ठरते. म्हणून १ गिगाबिटच्या चार केबल्स असल्या, तरी एका संगणकावरून एका सर्व्हरकडे जाणाऱ्या एका फाइलला १ गिगाबिटपेक्षा अधिक वेग मिळत नाही. हॅश केवळ गंतव्य मॅक पत्त्यावर आधारलेला असेल, तर स्थिती अधिकच बिकट होते. प्रयोगशाळेतील सर्व संगणकांची बाहेर जाणारी माहिती एकाच राउटरच्या पत्त्यावर जाते. परिणामी एक केबल भरून वाहते व तीन रिकाम्या राहतात. आयपी पत्ते व पोर्ट क्रमांक हॅशमध्ये घेतल्यास वाटणी सुधारते. मात्र ती समसमान होईलच, अशी हमी नाही.

स्थिर पद्धत की एलएसीपी?
स्थिर पद्धत सोपी असल्याने ती निवडण्याचा मोह होतो. तथापि, तीत दोन्ही स्विच परस्परांची खातरजमा करीत नाहीत. मध्ये मीडिया कन्व्हर्टर असेल व त्यापलीकडची केबल तुटली, तर अलीकडच्या पोर्टचा दिवा तेवत राहू शकतो आणि स्विच त्या मार्गावर फ्रेम्स पाठवीत राहतो. मग काही संगणक चालतात, काही चालत नाहीत, आणि दोष वापरणाऱ्यांच्या माथी येतो. एलएसीपीमध्ये दोन्ही बाजू नियमित संदेश पाठवितात. मंद प्रकारात ९० सेकंद, तर जलद प्रकारात ३ सेकंद संदेश न आल्यास ती जोडणी समूहातून वगळली जाते. मात्र दोन्ही बाजू 'पॅसिव्ह' ठेवल्यास समूहच तयार होत नाही, ही बाब प्रात्यक्षिकात आवर्जून दाखवावयास हवी.

निष्कर्ष :
१) लिंक ॲग्रिगेशन अनेक संवादांची एकत्रित क्षमता वाढविते, एका संवादाचा वेग वाढवीत नाही.
२) दोन्ही स्विचवर सोय असल्यास स्थिर पद्धतीपेक्षा एलएसीपी ग्राह्य मानावी.
३) केबल तुटण्यापासून संरक्षण मिळते, पण एखादा स्विचच बंद पडल्यास त्याला जोडलेला संपूर्ण समूह निकामी होतो.

सबब, मोठ्या फाइलींच्या एकेका हस्तांतरणाची गती वाढविणे हा हेतू असेल, तर चार केबल्सपेक्षा १० गिगाबिटची एकच जोडणी अधिक समर्पक ठरते. खरेदी समितीपुढे जाण्यापूर्वी गरज वेगाची, एकत्रित क्षमतेची की विश्वासार्हतेची, हे शिक्षकाने स्वतःशी स्पष्ट करणे अगत्याचे आहे.