लाट पूर्ण दिसू द्या

सर्फर जेरी लोपेझ यांच्या पडद्यावरील कामाकडे क्रमाने पाहिले, की सर्फिंगपटाची घसरण स्पष्ट दिसते. ‘फाइव्ह समर स्टोरीज’मध्ये (१९७२) लाट हाच विषय होता. स्टेसी पेराल्टा यांच्या ‘द यिन अँड यांग ऑफ जेरी लोपेझ’मध्ये (२०२२) ती आयुष्याच्या कथेची साक्षीदार होऊन येते. मधल्या पन्नास वर्षांत तंत्र सुधारले, नजर मात्र अधू झाली.

हवाईतील ओआहू बेटाच्या उत्तर किनाऱ्यावर, पाइपलाइन येथे, खोल समुद्रातून आलेली लाट उथळ खडकावर अडते. तिचा तळ मंदावतो, माथा पुढे झेपावतो आणि आत पोकळ नळी तयार होते. सर्फर त्या नळीत काही सेकंदच असतो. १९७२ आणि १९७३ची पाइपलाइन मास्टर्स स्पर्धा जिंकणारे लोपेझ तेथे जवळजवळ काहीच करत नाहीत. गुडघे किंचित वाकलेले, हात खाली सैल सोडलेले, खांद्यांत ताण नाही. डोक्यावर पाणी कोसळत असताना शरीर इतके निवांत ठेवणे ही योगाभ्यासातून कमावलेली शिस्त आहे. ‘फाइव्ह समर स्टोरीज’चे दिग्दर्शक ग्रेग मॅकगिलिव्हरे आणि जिम फ्रीमन यांनी ती ओळखली आणि मंदगती चित्रणातून तिला अवकाश दिला.

हीच शारीर समज कथापटांतही टिकली. जॉन मिलियस यांच्या ‘बिग वेन्सडे’मध्ये (१९७८) लोपेझ स्वतःच्याच भूमिकेत आहेत. ‘कोनन द बार्बेरियन’मध्ये (१९८२) समुद्राचा आधार नाही आणि लोपेझ यांनी साकारलेल्या सुबोताईला आवाजही दुसऱ्या नटाचा आहे, तरी लोपेझ यांची चाल आणि उभे राहणे यांवर ते पात्र तोलले जाते. ‘नॉर्थ शोअर’ (१९८७) लोपेझ आणि लेअर्ड हॅमिल्टन या दोघा सर्फरांच्या उपस्थितीपुरताच लक्षात राहतो.

या परंपरेत सर्फर आणि छायाचित्रणकार जॉर्ज ग्रीनो यांचे स्थान सर्वांत वरचे. खांद्यावर जड कॅमेरा बांधून ते स्वतः नळीत शिरले. ‘क्रिस्टल व्हॉयेजर’च्या (१९७३) अखेरच्या भागात निवेदन थांबते आणि पाण्याच्या आतून दिसणारा प्रकाश तेवढा उरतो. ‘द एंडलेस समर’ (१९६६) हे प्रसन्न प्रवासवर्णन आहे, त्याहून अधिक नाही. ‘डाय अनदर डे’ (२००२) या बाँडपटाच्या सुरुवातीला हॅमिल्टन यांचे कौशल्य निव्वळ सजावटीला वापरले आहे.

आजच्या माहितीपटाला मात्र दोन व्याधी जडल्या आहेत. पहिली मोजमापाची. पोर्तुगालमधल्या नाझारेवरच्या मालिकेचे नावच ‘१०० फूट वेव्ह’ (२०२१) आहे. उंची सांगितल्याने लाट कळत नाही. तिचा उतार, वेग आणि सर्फरने निवडलेली रेषा दिसली तरच ती कळते. दुसरी व्याधी बडबडीची. सर्फर लाटेवर उभा राहतो न राहतो तोच दृश्य तुटते आणि खुर्चीत बसलेला कोणी त्या क्षणाचा अर्थ सांगू लागतो. बालपण, व्यसन, पश्चात्ताप यांची कथा पुढे सरकते आणि ज्या कृतीमुळे हा माणूस पडद्यावर आला ती तुकड्यांत विखुरते. चरित्र सांगण्यास हरकत नाही. पण गायकावरच्या चित्रपटात एकही बंदिश पूर्ण ऐकवली नाही, तर तो चित्रपट गायकावरचा राहत नाही. सर्फरची कला लाट पकडण्यापासून तिच्यातून बाहेर पडण्यापर्यंतच्या अखंड निर्णयांत आहे. एक निर्णय कापला, की पुढचा निरर्थक होतो. म्हणून दिग्दर्शकांनी आधी लाट पूर्ण दाखवावी, मुलाखत नंतर घ्यावी. एवढे पथ्य जो माहितीपट पाळत नाही, त्याला सर्फिंगपट म्हणू नये.