कल्पना

हिंदी नृत्यपट (१९४८). नर्तक उदय शंकर (१९००–७७) यांनी दिग्दर्शित केलेला हा एकमेव चित्रपट. अलमोडा येथील त्यांचे संस्कृतिकेंद्र बंद पडल्यानंतर मद्रासच्या जेमिनी स्टुडिओत तो चित्रित झाला. हिमालयात कलाकेंद्र उभारू पाहणाऱ्या उदयनची (उदय शंकर) ही कथा एक लेखक चित्रपटनिर्मात्यास ऐकवितो. गल्ल्यावर डोळा असलेला निर्माता ती नाकारतो. हा उपरोध पुढे खराही ठरला, कारण चित्रपटास व्यावसायिक यश लाभले नाही.

उमा (अमला शंकर) व कामिनी यांच्यातील स्पर्धेचे उपकथानक ठोकळेबाज असून संवादही बोधप्रद आहेत. चित्रपटाचे खरे सामर्थ्य नृत्यरचनांत आहे. रंगमंचावरील नृत्य दुरून टिपून ठेवणे एवढाच तेथे हेतू नाही. छायाप्रकाश, कॅमेऱ्याचे कोन व प्रतिमांचे संमीलन ही नृत्याचीच अंगे बनतात. श्रम व यंत्र यांवरील नृत्यात माणसाच्या हालचाली यंत्राच्या लयीत विरून जातात, आणि शब्दांविना जे सांगितले जाते ते संवादांना कोठेच साधत नाही. कथकळी, भरतनाट्यम्, मणिपुरी व लोकनृत्ये यांचे मिश्रण शुद्धतेच्या आग्रही रसिकांस खटकते. मात्र उदय शंकरांची शैली मुळातच एका परंपरेची नव्हती. पं. विष्णु दिगंबर पलुसकरांचे शिष्य विष्णुदास शिराळी यांचे संगीत या रचनांना एकसंध ठेवते. नर्तिका पद्मिनी प्रथम येथेच पडद्यावर आली. चित्रपटाची पुनरुज्जीवित प्रत २०१२ मध्ये कान महोत्सवात दाखविण्यात आली.